यष्टीमागून दिसणारा खेळ : चंद्रकांत पंडित, खेळाडू ते प्रशिक्षक



धानाची कापणी झाली की आपल्या सिहोरा परिसरातल्या रिकाम्या बांध्यांत पोरांचं क्रिकेट सुरू होतं. तीन काड्या रोवल्या, रबरी चेंडू आणला की झालं मैदान तयार. मग भांडण एकाच गोष्टीवरून होतं : बॅटिंग पहिली कोणाची? बॉलिंगलाही दोघं-तिघं पुढे येतात. पण "कीपर कोण?" असं विचारलं की सगळे इकडेतिकडे बघतात. शेवटी जो सगळ्यांत लहान, किंवा ज्याला धावता येत नाही, त्याला काड्यांच्या मागे उभं करतात. ते काम म्हणजे जणू शिक्षा!

आजचा पाठ त्याच जागेबद्दल आहे. काड्यांच्या मागे उभा राहणारा एक खेळाडू पुढे देशातला अत्यंत यशस्वी प्रशिक्षक कसा झाला आणि आपल्या विदर्भाला पहिला रणजी करंडक मिळण्यात त्याचा हात कसा होता, हे आपण पाहू. त्यांचं नाव चंद्रकांत पंडित. इयत्ता सातवी-आठवीच्या मुलांना ही गोष्ट सांगता येईल, म्हणून शेवटी वर्गासाठी थोडे प्रश्नही दिले आहेत.

आधी समजून घेऊ : यष्टिरक्षकाचं काम काय?

क्रिकेटमध्ये अकरा क्षेत्ररक्षक असतात. त्यांतले बहुतेक जण फलंदाजाकडे तोंड करून उभे असले तरी त्यांच्याकडे चेंडू कधीतरीच येतो. यष्टिरक्षकाचं तसं नाही. फलंदाज खेळो वा न खेळो, प्रत्येक चेंडू आपल्याकडे येणार आहे असं धरूनच त्याला तयार राहावं लागतं. दिवसभरात 90 षटकं टाकली तर 540 चेंडू. म्हणजे 540 वेळा गुडघ्यात वाकायचं आणि उठायचं. त्यातले 539 नीट पकडले तर कोणी टाळी वाजवत नाही. एक सुटला की सगळं मैदान हळहळतं.

पण या कष्टाच्या बदल्यात त्याला एक गोष्ट मिळते, ती म्हणजे दृष्टी. गोलंदाजाचं मनगट, चेंडूची शिवण, खेळपट्टीची उसळी, फलंदाजाचे पाय, कर्णधाराने लावलेलं क्षेत्ररक्षण हे सगळं एकाच वेळी समोरून बघणारा मैदानावरचा तो एकमेव माणूस. कोणता फलंदाज घाबरला आहे, कोणता गोलंदाज थकला आहे, हे त्याला आधी कळतं.

म्हणूनच जगभर यष्टिरक्षक पुढे चांगले प्रशिक्षक झालेले दिसतात. झिम्बाब्वेचा अँडी फ्लॉवर इंग्लंडचा प्रशिक्षक झाला आणि 2011 मध्ये तो संघ कसोटीत जगात पहिल्या क्रमांकावर गेला. न्यूझीलंडचा ब्रेंडन मॅक्युलम 2022 पासून इंग्लंडच्या कसोटी संघाचा प्रशिक्षक आहे. दोघेही मूळचे यष्टिरक्षक. आपल्याकडचं ठळक उदाहरण म्हणजे पंडित.

खेळाडू पंडित : दुसऱ्याच्या जागी खेळणारा

चंद्रकांत सीताराम पंडित यांचा जन्म 30 सप्टेंबर 1961 रोजी मुंबईत झाला. क्रिकेटचे धडे त्यांनी गिरवले ते रमाकांत आचरेकर सरांकडे. आचरेकर सर म्हटलं की आपल्याला सचिन तेंडुलकर आठवतो, पण सचिनच्या आधी त्यांच्या हाताखालून जे खेळाडू तयार झाले त्यांत पंडित होते. गंमत म्हणजे स्वतः आचरेकर सर प्रथम श्रेणीचा फक्त एक सामना खेळले होते. मोठा खेळाडू नसलेला माणूस मोठा गुरू होऊ शकतो, हे पंडितांनी आपल्या गुरूच्याच रूपाने लहानपणी पाहिलं होतं.

पंडित यांची भारतीय संघात निवड झाली 1986 मध्ये. पण त्या काळात भारताचे मुख्य यष्टिरक्षक होते किरण मोरे. त्यामुळे पंडितांच्या वाट्याला बहुतेक वेळा दुसऱ्याची जागा भरून काढायचंच काम आलं. 1986 च्या जूनमध्ये इंग्लंडमध्ये लीड्सला ते पहिली कसोटी खेळले, तेव्हा यष्टीमागे मोरेच होते आणि पंडित निव्वळ फलंदाज म्हणून खेळले. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये मद्रासला भारत-ऑस्ट्रेलिया कसोटी बरोबरीत सुटली. 'टाय' झालेली कसोटी इतिहासातली फक्त दुसरी! त्या सामन्यातही ते होते. दोन्ही डावांत त्यांनी तिशीच्या घरात धावा केल्या.

1987 चा विश्वचषक आठवा. मुंबईत वानखेडेवर 5 नोव्हेंबरला इंग्लंडविरुद्ध उपांत्य सामना. ऐनवेळी दिलीप वेंगसरकर आजारी पडले आणि पंडित संघात आले. घरचं मैदान, घरची माणसं. त्यांनी 24 धावा केल्या, पण भारत 35 धावांनी हरला.

एकूण हिशेब बघितला तर 5 कसोटी आणि 36 एकदिवसीय सामने. 1992 मध्ये आंतरराष्ट्रीय कारकीर्द संपली. वय वर्षं तीस. आकडेवारीच्या पुस्तकात एवढ्याशा नोंदीवरून कोणी पुढे जाऊन पान उलटेल.

पण हीच माणसं पुढे चांगलं शिकवतात, असं माझं मत आहे. ज्याला सगळं सहज जमलं त्याला "हे जमत नाही" म्हणजे काय ते समजावून घेणं अवघड जातं. संघात कधी आत, कधी बाहेर असलेल्याला बाकावर बसलेल्या पोराचं मन कळतं. आपल्या वर्गातही बघा. गणितात जन्मतः हुशार असलेला शिक्षक दोन पायऱ्या गाळून सोडवून मोकळा होतो. ज्याने स्वतः धडपडत गणित शिकलं तो कोणत्या पायरीवर पोरगं अडकेल ते आधीच ओळखतो.

1999 : जिंकता जिंकता

भारतीय संघातून बाहेर पडल्यावर पंडित थांबले नाहीत. मुंबईनंतर ते आसामकडून आणि मग मध्यप्रदेशकडून खेळले. देशांतर्गत क्रिकेटमध्ये त्यांनी आठ हजारांहून जास्त धावा केल्या. मध्यप्रदेशचे ते कर्णधार झाले आणि 1998-99 च्या हंगामात संघाला त्यांनी रणजीच्या अंतिम फेरीत नेलं. समोर कर्नाटक, सामना बंगळुरूच्या चिन्नास्वामी मैदानावर.

इथे मुलांना एक नियम समजावून सांगावा लागेल. रणजीचा अंतिम सामना पाच दिवसांत निकाली निघाला नाही, तर पहिल्या डावात ज्याच्या धावा जास्त तो विजेता. कर्नाटकने पहिल्या डावात 304 केल्या, मध्यप्रदेशने 379. म्हणजे 75 धावांची आघाडी. आता शेवटच्या दिवशी फक्त टिकून राहायचं होतं. सामना अनिर्णित राहिला असता तरी करंडक मध्यप्रदेशचा!

पण ते झालं नाही. दुसऱ्या डावात मध्यप्रदेश 150 धावांत गडगडला आणि 96 धावांनी हरला. हाताशी आलेलं गेलं. कर्णधार पंडित त्या दिवशी मैदानावरच रडले. ही गोष्ट लक्षात ठेवा, आपण पुन्हा त्याच मैदानावर येणार आहोत.

प्रशिक्षक पंडित : मुंबई

खेळणं थांबल्यावर त्यांनी मुंबईच्या संघाचं प्रशिक्षकपद घेतलं. 2002-03 आणि 2003-04 अशी लागोपाठ दोन वर्षं मुंबईने रणजी जिंकली. पुढे काही वर्षांनी ते पुन्हा मुंबईकडे आले आणि 2015-16 मध्ये तिसऱ्यांदा करंडक मिळवून दिला. त्याच्या पुढच्या हंगामातही मुंबई अंतिम फेरीत पोचली, पण इंदूरला गुजरातकडून हरली. त्यानंतर मुंबईने दुसरा प्रशिक्षक नेमला.

एक विजेतेपद, एक उपविजेतेपद, आणि तरी बाहेर! निकाल नव्वद टक्क्यांवरून पंच्याऐंशीवर आला म्हणून ऐकून घ्यावं लागलेल्या शिक्षकांना यातली बोच वेगळी सांगायला नको.

विदर्भ : "आपल्यालाही जमते"

मुंबईने सोडलेले पंडित 2017 मध्ये नागपूरला आले. विदर्भाचा संघ रणजीत 1957-58 पासून खेळत होता, पण साठ वर्षांत एकदाही करंडक नाही. अंतिम फेरीसुद्धा नाही. मोठ्या संघाविरुद्ध सामना असला की "अनिर्णित राहिला तरी मिळवलं" हीच आपली समजूत. आपल्या भागात ही समजूत फक्त क्रिकेटपुरती नसते. स्पर्धा परीक्षा असो की विज्ञान प्रदर्शन, "पुण्या-मुंबईच्या पोरांपुढे आपलं काय चालते?" हे वाक्य पालकांच्या तोंडून मी कितीदा तरी ऐकलं आहे.

पंडितांनी आधी हात घातला तो या वाक्याला. संघ तसा एका दिवसात घडला नव्हता. विदर्भ क्रिकेट संघटनेची अकादमी, वयोगटांतले संघ, जामठ्याचं मैदान ही तयारी आधीची होती. नागपूरजवळच्या कोळसा खाणीतल्या कामगाराचा मुलगा उमेश यादव भारताकडून खेळून आला होता. फैज फजल कर्णधार होता. मुंबईचा अनुभवी वसीम जाफर चाळिशीच्या उंबरठ्यावर विदर्भाकडून खेळत होता. गोलंदाजी प्रशिक्षक होते सुब्रतो बॅनर्जी. 1992 च्या सिडनी कसोटीत हे बॅनर्जी आणि पंडित भारतीय संघात एकत्र होते. सामान तयार होतं. कमी होती ती शिस्तीची आणि जिंकण्याच्या सवयीची.

उपांत्य सामना कोलकात्याला, बलाढ्य कर्नाटकविरुद्ध. विदर्भ पहिल्या डावात 185 वर बाद. 116 धावांनी मागे. जुना विदर्भ इथेच संपला असता. पण दुसऱ्या डावात 313 केल्या, आणि मग रजनीश गुरबानीने सात बळी घेतले. विदर्भ अवघ्या पाच धावांनी जिंकला. गुरबानी म्हणजे स्थापत्य अभियांत्रिकीची पदवी घेतलेला पोरगा! "खेळ की अभ्यास?" असं विचारणाऱ्या पालकांनी हे नाव लिहून ठेवावं.

अंतिम सामना दिल्लीविरुद्ध, इंदूरला. दिल्लीच्या पहिल्या डावात गुरबानीची हॅटट्रिक. रणजीच्या अंतिम सामन्यातली ती दुसरीच. मग विदर्भाच्या 547 धावांत सर्वांत मोठी खेळी कोणाची? अक्षय वाडकर, 133 धावा. आणि हा वाडकर कोण? विदर्भाचा यष्टिरक्षक! 1 जानेवारी 2018 रोजी विदर्भाने नऊ गडी राखून पहिला रणजी करंडक जिंकला.

लोक म्हणाले, नशीब. पुढच्या वर्षी जामठ्याला सौराष्ट्राविरुद्ध अंतिम सामना झाला. आदित्य सरवटेने 11 बळी घेतले. चेतेश्वर पुजारासारखा फलंदाज दोन डावांत मिळून एक धाव करू शकला. विदर्भ 78 धावांनी जिंकला. नशीब लागोपाठ दोनदा येत नाही, सवय येते.

नदीपलीकडे : मध्यप्रदेश

2020 मध्ये पंडित मध्यप्रदेशचे प्रशिक्षक झाले. सिहोऱ्याहून बावनथडी ओलांडली की मध्यप्रदेशच, त्यामुळे आपल्याला तेही तसे शेजारचेच. 2021-22 चा अंतिम सामना ठरला, आणि मैदान कोणतं? बंगळुरूचं चिन्नास्वामी. तेवीस वर्षांपूर्वी जिथे ते रडले होते तेच. आणि समोर कोण? मुंबई, 41 वेळा जिंकलेला, त्यांचा स्वतःचा जुना संघ.

मुंबईने 374 केल्या. मध्यप्रदेशने तीन शतकांच्या जोरावर 536. पुन्हा पहिल्या डावाची आघाडी, पुन्हा शेवटचा दिवस. पण या वेळी संघ गडबडला नाही. 26 जून 2022 रोजी मध्यप्रदेश सहा गडी राखून जिंकला. त्यांचा पहिला रणजी करंडक. पंडितांच्या डोळ्यांत त्याही दिवशी पाणी होतं. कर्णधार म्हणून जे हातून निसटलं, ते प्रशिक्षक म्हणून दुसऱ्यांच्या हातांनी मिळालं. शिक्षकाच्या आयुष्यात यश बहुतेक वेळा असंच येतं ना?

कडकपणाचं काय?

आता अवघड भागाकडे येऊ. पंडित अतिशय कडक म्हणून ओळखले जातात. वेळ म्हणजे वेळ, सराव म्हणजे सराव, मोठा खेळाडू असो की नवखा. रणजीत या पद्धतीला यश आलं. नंतर 2022 मध्ये आयपीएलच्या कोलकाता नाइट रायडर्सने त्यांना प्रशिक्षक नेमलं. 2024 मध्ये गौतम गंभीर मार्गदर्शक असताना संघाने करंडकही जिंकला. पण 2023 मध्ये संघ सातवा होता, 2025 मध्ये आठवा, आणि 2025 मध्येच ते तिथून बाहेर पडले. जगभर खेळून आलेल्या परदेशी खेळाडूंना त्यांची कडक पद्धत जड जाते, ही चर्चाही त्या काळात उघडपणे झाली.

ही गोष्ट मी मुद्दाम सांगतो आहे. कारण पंडितांचं उदाहरण ऐकून "बघा, छडीशिवाय विद्या येत नाही" म्हणणारे लगेच उभे राहतात. थांबा. रणजीचा खेळाडू मोठा माणूस असतो. तो स्वतः निवडून तिथे आलेला असतो, त्याला मानधन मिळतं, आणि नको वाटलं तर तो सोडूनही जाऊ शकतो. आपल्या वर्गातलं दहा वर्षांचं लेकरू यातलं काहीच करू शकत नाही. शिवाय 2009 च्या शिक्षण हक्क कायद्याच्या कलम 17 नुसार मुलांना शारीरिक शिक्षा आणि मानसिक त्रास देण्यास मनाई आहे.

मग पंडितांकडून घ्यायचं काय? माझ्या मते शिस्त म्हणजे भीती नव्हे, शिस्त म्हणजे सर्वांना एकच नियम. सरपंचाच्या पोराला वेगळा आणि मजुराच्या पोराला वेगळा नाही. जाफरला वेगळा आणि नवख्याला वेगळा नाही. आणि हा नियम पहिल्यांदा शिक्षकाने पाळायचा. दहाला शाळा, तर सर दहाच्या आधी. हे जमलं की आवाज चढवायची गरज फारशी पडत नाही.

दुसरी गोष्ट, तीच पद्धत सगळ्यांना लागू होत नाही. विदर्भात चाललेलं कोलकात्यात तसंच चाललं नाही. एका वर्गात जमलेला पाठ दुसऱ्या तुकडीत पडतो, हा अनुभव आपल्या सगळ्यांचा आहे. त्यात लाज कसली?

गुरुजी गेले, मग?

जिल्हा परिषदेच्या शिक्षकांना बदली नवीन नाही. एक प्रश्न मात्र प्रत्येक बदलीच्या वेळी मनात येतो. आपण गेल्यावर इथे काय उरणार?

पंडित विदर्भ सोडून गेले 2020 मध्ये. पाच वर्षांनी, 2 मार्च 2025 रोजी, नागपूरला केरळविरुद्ध पहिल्या डावाच्या आघाडीवर विदर्भाने तिसऱ्यांदा रणजी जिंकला. प्रशिक्षक वेगळे होते, उस्मान गनी. हर्ष दुबेने त्या हंगामात 69 बळी घेऊन रणजीचा नवा विक्रम केला. आणि कर्णधार? अक्षय वाडकर. तोच, काड्यांच्या मागे उभा राहणारा.

चांगल्या शिक्षकाची परीक्षा तो असताना लागणाऱ्या निकालाने होत नाही, तो गेल्यानंतरच्या निकालाने होते. श्रेय सगळं पंडितांचं असंही नाही. आधीच्यांनी पेरलं, नंतरच्यांनी राखलं. शाळेतही तसंच असते. पहिलीच्या बाईंनी अक्षर गिरवून घेतलं म्हणून दहावीच्या सरांना निबंध मिळतो.

तेव्हा पुढच्या खेळाच्या तासाला एक करून बघा. कीपरची जागा शिक्षा म्हणून देऊ नका. पाळीपाळीने प्रत्येकाला तिथे उभं करा, मुलींनाही. आणि खेळ संपल्यावर त्यालाच किंवा तिलाच पहिल्यांदा विचारा, "सांग, तुला मागून काय काय दिसलं?" वर्गात कधी तोंड न उघडणारं एखादं पोरगं त्या दिवशी पाच मिनिटं बोलेल.

वर्गासाठी

1. दिल्ली : 295 आणि 280. विदर्भ पहिला डाव : 547. विदर्भाला दुसऱ्या डावात जिंकायला किती धावा हव्या होत्या? (उत्तर : 29)
2. विदर्भ : 312 आणि 200. सौराष्ट्र : 307 आणि 127. विजय किती धावांनी, ते वजाबाकी करून पडताळा.
3. मुंबई : 374 आणि 269. मध्यप्रदेश पहिला डाव : 536. लक्ष्य काढा. (उत्तर : 108)
4. सहा गडी राखून जिंकले म्हणजे किती गडी बाद झाले होते?
5. दहा ओळी लिहा : "मी यष्टिरक्षक झालो/झाले तर."
6. चर्चा करा : कडक शिक्षक आणि घाबरवणारा शिक्षक यांत फरक काय?

पालकांसाठी एकच प्रश्न. घरी आल्यावर पोराला "किती रन काढले?" असं विचारता ना? उद्यापासून "आज खेळात काय पाहिलंस?" असं विचारून बघा. काय उत्तर आलं ते आम्हाला जरूर कळवा.